कॅमेरामनही लेखकच आहे

बुलढाण्याहून खामगावला जाताना बोथ्याचा घाट लागतो. हा परिसर ज्ञानगंगा अभयारण्याचा. क्षेत्रफळ सुमारे २०५ चौरस किलोमीटर. यवतमाळ जिल्ह्यातील टिपेश्वरहून निघालेला एक तरुण वाघ २०१९च्या डिसेंबरात येथे पोहोचला. गळ्यातील रेडिओ कॉलरमुळे त्याचा माग लागला. विदर्भ, मराठवाडा आणि तेलंगणातून त्याने एकूण सुमारे ३,००० किलोमीटर भ्रमंती केली, आणि ‘वॉकर’ या नावाने तो जगभर गाजला. पाठोपाठ त्याची प्रेमकथा रचली गेली: सखीच्या शोधात वणवण करणारा विरही नायक.

जोडीदाराचा शोध हे एक कारण अभ्यासकांनीही सांगितले होते, हे मान्य. परंतु स्वतंत्र हद्द आणि भक्ष्य हीही कारणे होती. दिवसा दडून, रात्री शेते, नाले आणि रस्ते ओलांडत तो आला. या कथेत वाघ नायक झाला. ज्यांच्या शेतांतून तो गेला, ते शेतकरी मात्र नेपथ्यालाही उरले नाहीत.

वन्यजीव माहितीपटांचे निवेदन नेमके याच साच्यात चालते, आणि त्यात पहिला बळी जातो तो कॅमेरामनचा. मचाणावर किंवा लपणात महिनोन्‌महिने बसून त्याने जे पाहिले, त्यातले बहुतेक संकलनात गळते. दूरच्या भिंगातून टिपलेल्या पावलांचा आवाज बहुधा नंतर स्टुडिओत भरला जातो. एका शिकारीचा प्रसंग कधी कधी अनेक दिवसांच्या, अनेक प्राण्यांच्या चित्रणांतून जुळवलेला असतो. यात सरसकट लबाडी आहे असे नव्हे. निवड, क्रम आणि मौन ही लेखनाचीच साधने आहेत. म्हणूनच त्यांची समीक्षा व्हायला हवी.

ती आपण करत नाही. मारुती चितमपल्ली यांना २००६च्या सोलापूर साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद देऊन मराठीने अरण्यवाचनाचा गौरव केला, तो उचितच होता. मात्र तेच अरण्य कॅमेऱ्याने वाचणारा माणूस आपल्या लेखी तंत्रज्ञच राहिला. माइक पांडे यांचा ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ हा २०००चा माहितीपट गुजरातच्या किनाऱ्यावरील देवमाशाएवढ्या शार्कच्या कत्तलीवर होता. २००१मध्ये त्या माशाला कायद्याचे संरक्षण मिळाले. चित्रणाचे इतके बळ ज्या समीक्षेला दिसत नाही, तिने ‘साहित्य आणि समाज’ या विषयावर चर्चासत्रे तरी कशाला भरवावीत?

माझी सूचना साधी आहे. एम.ए.च्या वर्गात एखादा वन्यजीव माहितीपट प्रथम आवाज बंद करून दाखवावा. विद्यार्थ्यांनी दिसले तेवढेच लिहावे. मग तोच निवेदनासह दाखवावा. दोन्हींमधील तफावत मोजताना कॅमेरामनचा लेखनधर्म आणि निवेदकाची भर आपोआप वेगळी होईल. कथनशास्त्राचा एवढा उघड पाठ आपल्या अभ्यासक्रमाला परका का वाटावा, याचे उत्तर अभ्यासमंडळांनी द्यावे.