आयतं भुयार

जगात माणसं दोन प्रकारची असतात. एक, रविवारच्या पुरवणीतलं शब्दकोडं सोडवणारी, आणि दुसरी, सोडवणाऱ्याच्या खांद्यावरून डोकावून "उभा सात... कमंडलू!" असं सांगणारी. बदलापूर लोकलमध्ये ही दुसरी जात विपुल आढळते. आपण उपकार केला अशी तिची प्रामाणिक समजूत असते. वास्तविक तिने दरोडा घातलेला असतो. चोरीला गेलेली वस्तू डोळ्यांना दिसत नाही, म्हणून पोलिसांत जाता येत नाही, एवढंच. तेव्हा ती फिर्याद मी इथे नोंदवतो आहे.

यावेळचा दरोडा पडला तो खरवईत, माझ्या बहिणीच्या ब्लॉकमध्ये. आणि तोही जमिनीखाली.

आमचे भाचेबुवा सातवीत आहेत आणि फावल्या वेळात 'माइनक्राफ्ट' नावाचा खेळ खेळतात. (फावला वेळ म्हणजे आईचं लक्ष नसलेला वेळ.) ज्यांच्या घरी अजून हा खेळ पोचला नसेल त्या भाग्यवंतांसाठी सांगतो. हे सगळं जग चौकोनी ठोकळ्यांचं असतं. झाड चौकोनी, डुक्कर चौकोनी, सूर्यसुद्धा चौकोनी. आपण खणायचं, जे सापडेल त्यातून घर बांधायचं आणि रात्री भुतांपासून जीव वाचवायचा. म्हणजे बदलापुरात पहिल्यांदा राहायला आलेल्या माणसाने जे केलं तेच. फक्त इथे हप्ते नाहीत. एका स्वीडिश माणसाने २००९ साली सुरू केलेला हा खेळ २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने अडीच अब्ज डॉलरला विकत घेतला. मातीला एवढा भाव आमच्या खरवईतही अजून आलेला नाही.

परंतु या खेळाची खरी गंमत जमिनीच्या वर नाहीच. ती पोटात आहे. ओसाड खाणी, कोंदट तळघरं, गाडली गेलेली गावं आणि पुरलेले किल्ले. वरून बघाल तर नुसतं गवत, आणि त्यावर चरणारी एक चौकोनी मेंढी. हे किल्ले शोधायची जी रीत खेळ करणाऱ्याने ठेवली आहे, तिला मी तरी दंडवत घालतो. एक मंतरलेला डोळा असतो. तो मिळवायलाच राक्षस मारावे लागतात. तो हवेत फेकला की किल्ल्याच्या दिशेने थोडा उडतो आणि खाली पडतो. पाचात एकदा फुटतोही. तो दिशा सांगतो. अंतर सांगत नाही. आमच्याकडे वाटेत पत्ता विचारला तर "हे काय, इथंच, असे सरळ जा" म्हणतात ना, अगदी तसाच.

भाचेबुवांनी यावर एक तोड काढली. कोणी शिकवली नव्हती. एके ठिकाणी डोळा फेकला आणि तो गेला त्या दिशेने आलेख-कागदावर रेघ मारली. मग चारशे ठोकळे बाजूला चालत जाऊन दुसरा फेकला आणि दुसरी रेघ मारली. दोन रेघा जिथे एकमेकींना कापतील तिथे किल्ला!

मला भरून आलं. विल्यम लॅम्बटन नावाच्या साहेबाने १८०२ साली मद्रासजवळ असेच त्रिकोण टाकायला सुरुवात केली आणि त्याच त्रिकोणांच्या जोरावर पुढे हिमालयाची शिखरं न चढता मोजली गेली. इथे आमचा सातवीतला लॅम्बटन कंपासपेटी घेऊन लादीवर पालथा पडला होता. ज्या पोराला कंपासपेटी फक्त परीक्षेच्या आदल्या रात्री आठवते, ते पोर "मामा, कोनमापक कुठाय?" असं विचारत होतं. रेघा जाड पडल्यामुळे पहिला बिंदू चुकला. त्याने पेन्सिलीला टोक काढलं. लाइट गेली, तर मेणबत्ती लावून आकडेमोड केली. असं चार दिवस चाललं होतं.

पाचव्या दिवशी दरोडेखोर आला. बी विंगमधला नववीतला एक विद्वान. त्याने भाच्याची आकडेमोड पाहिली आणि आपण वेड्याच्या इस्पितळात आलो आहोत असा चेहरा केला. या खेळातलं प्रत्येक जग एका आकड्यातून उगवतं. त्याला 'सीड' म्हणजे बीज म्हणतात. बीज तेच, तर डोंगर तेच, नद्या त्याच आणि भुयारंही तीच. तो आकडा इंटरनेटवरच्या एका नकाशात भरला की जमीन काचेची होते आणि पोटातलं सगळं दिसतं. विद्वानाने आकडा भरला. संगणकावरच्या मूळ आवृत्तीत एका जगात १२८ किल्ले असतात. पहिले तीन मध्यापासून १२८० ते २८१६ ठोकळ्यांच्या पट्ट्यात. एक ठोकळा म्हणजे एक मीटर. म्हणजे बदलापूर-अंबरनाथ अंतराच्या निम्म्यातच. तेव्हा दहा मिनिटांत किल्ला सापडला. सापडला कसला, पार्सलसारखा हाती आला. तिसऱ्या दिवशी भाच्याने ते जगच पुसून टाकलं. "का रे?" म्हटलं, तर म्हणाला, "आता त्यात काय राहिलंय, मामा?"

या प्रश्नाला विद्वानाकडे उत्तर नव्हतं. त्याच्याकडे फक्त उत्तरंच होती.

आता या काचेच्या जमिनीचे वकील काय म्हणतात ते ऐका. पहिला मुद्दा, वेळ वाचतो. मला सांगा, वाचवलेला हा वेळ ठेवतात कुठे? पोस्टात? कचेरीत जायचं असेल तर जवळचा रस्ता धरणं समजू शकतो. पण खेळ हा वेळ घालवण्यासाठीच असतो. श्रीखंड खाण्याचा वेळ वाचावा म्हणून कोणी पाटावरून उठून थेट वामकुक्षीला जात नाही.

दुसरा मुद्दा, "मग नकाशा वापरणं पाप का?" मुळीच नाही. नकाशा निराळा आणि उत्तर निराळं. खुद्द खेळातला नकाशेवाला पाचूच्या मोबदल्यात नकाशा विकतो. पण तो अंदाज सांगतो. चालायचं आणि खणायचं आपणच. बाकी खेळ खुणा पेरत जातो. दरीच्या कड्यातून लाकडी फळी डोकावली की आत जुनी खाण समजावी. भिंतीपलीकडे भुताचं कण्हणं ऐकू आलं की तळघर जवळ आलं. २०२३ पासून गाडलेली गावं आली आहेत. त्यांचा एखादा कोपरा तेवढा मातीवर दिसतो, आणि आतल्या वस्तू कुदळीने नव्हे, ब्रशने अलगद झाडून काढायच्या असतात. पार तळाशी एक प्राचीन नगरी आहे. तिचा राखणदार आंधळा आहे, पण पावलाचा आवाज झाला की अंगावर येतो. तिथे दबकत चालावं लागतं. (बहिणीच्या खालच्या मजल्यावर अशाच एक आजी राहतात, त्यामुळे भाच्याला हा भाग सोपा गेला.) हे सगळं कान आणि डोळे उघडे ठेवणाऱ्यासाठी मांडलेलं ताट आहे. काचेच्या जमिनीवर चालणाऱ्याला यातला एक घास मिळत नाही.

तिसरा मुद्दा शेजारच्या काकांचा. "अहो, ते सगळं खोटंच आहे. कसं का सापडेना!" काका, खरी जमीनही याच नियमाने वागते हो. २०१६ सालची गोष्ट. मलबार हिलवर, प्रत्यक्ष राजभवनाखाली भुयार आहे अशी जुन्या लोकांत कुजबुज होती. कोणीतरी ती कुजबुज कानाआड केली नाही. बुजवलेली भिंत फोडली, तर आत ब्रिटिशांच्या काळचं १३ खोल्यांचं तळघर निघालं! राज्यपाल वर राहत होते आणि खाली तोफगोळ्यांची कोठारं होती. पुण्यात नानासाहेब पेशव्यांनी कात्रजहून शहरात पाणी आणलं तेही जमिनीखालून. वर दिसायचे ते फक्त उच्छ्वास, म्हणजे मधूनमधून बांधलेले दगडी मनोरे. ज्याला मनोरा बघून "हा इथे का?" असा प्रश्न पडला, त्याला नळ सापडला. बाकीच्यांना सावली सापडली. खुणेवरून खाली काय असेल ते ओळखणं ही विद्या आहे, आणि ती ठोकळ्यांत शिकली काय नि दगडांत शिकली काय, एकच.

याचा पुरावा आमच्या घरचाच आहे. भाचेबुवांचे त्रिकोण चालू होते त्या दिवसांत आम्ही अंबरनाथच्या शिवमंदिरात गेलो होतो. शके ९८२ चं, म्हणजे इसवी सन १०६० चं शिलाहारांचं देऊळ. बाहेरून माणूस माना वर करकरून शिल्पं बघतो, आणि देव असतो खाली. गाभाऱ्यात वीसेक पायऱ्या उतरून जावं लागतं. खाली पोचल्यावर भाच्याने नमस्कार करायच्या आधी विचारलं, "मामा, एवढं खाली का बांधलं? याच्याही खाली काही असेल?" पुजाऱ्यांपासून मामापर्यंत सगळे विचारात पडले. पुढे दरोडा पडून गेल्यावर पुन्हा एकदा गेलो. पायऱ्यांच्या तोंडाशीच तो म्हणाला, "खाली काय आहे ते नेटवर असेल ना?" आणि बाहेरच चपला सांभाळत थांबला.

माझं भांडण आहे ते इथे. किल्ला गेला तर जाऊ द्या. खाली उतरायचे पाय गेले.

आणि बी विंगच्या विद्वानाला तरी किती बोलणार? त्याला हे शिकवलं कोणी? आपणच ना? धड्याआधी गाईड आणतो, गाईडाआधी 'अपेक्षित' प्रश्नसंच आणतो, आणि क्लासवाल्याला पहिला प्रश्न विचारतो, "यातलं नेमकं येणार काय ते सांगा." धडा हे पोरांच्या लेखी निबिड अरण्य आणि गाईड हा हमरस्ता. अशी दहा वर्षं हमरस्त्याने नेलेली मुलं खेळात तेवढी आडवाटेने जातील, ही अपेक्षा कोणत्या प्रश्नसंचात बसते?

तेव्हा आईबापांनो, मामांनो, आणि नववीतल्या तमाम विद्वानांनो, एवढंच करा. पोर अडलं तर जवळ बसा. टोक काढून द्या, मेणबत्ती धरा, फार तर "दुसरी रेघ पुन्हा बघ" म्हणा. पण पत्ता देऊ नका. जागेचा पत्ता सगळ्यांना आयता कळला की त्या जागेत पुढे बघण्यासारखं काय उरतं, हे निदान खरवईकरांना तरी सांगायला नको.