घोंगडीवाला गद्दर

मुसी ओलांडून चादरघाटचा पूल मागे टाकला की मलकपेठ. तिथे आमची मावशी राहते. आपल्यापैकी ज्यांचे पाहुणे हैदराबादेत आहेत, त्यांना मलकपेठचा गंज ठाऊक असेलच. महाराष्ट्रातला कांदा तिथे उतरतो, त्यामुळे गंजाच्या तोंडाशी उभे राहिले की चार शब्द मराठी हमखास कानावर पडतात. मावशीच्या घरात तर चार भाषांचा बाजार. आमच्याशी मराठी, काकांशी कन्नड (काका बीदरकडचे), भाजीवालीशी तेलुगू आणि रिक्षावाल्याशी दखनी. चारही भाषांत ती सारखीच घासाघीस करते!

६ ऑगस्ट २०२३, रविवार. जेवणे आटोपून आम्ही आडवे झालो होतो. टीव्हीवर तेलुगू बातम्या चालू होत्या आणि एकाएकी पडद्यावर तो ओळखीचा चेहरा आला. पांढरी दाढी, खांद्यावर घोंगडी, हातात काठी. गद्दर गेले होते. मावशी "अगं बाई" म्हणून उठून बसली. काका काहीच बोलले नाहीत. उठून पाणी प्यायले आणि बाहेर जाऊन बसले.

गद्दर यांचे खरे नाव गुम्मडी विठ्ठल राव. गाव मेदक जिल्ह्यातले तूप्रान, दलित कुटुंब. उस्मानिया विद्यापीठात इंजिनिअरिंगला गेले, ते शिक्षण अर्धवट सुटले. १९७० च्या सुमारास बी. नरसिंग राव यांच्याशी गाठ पडली, आणि रिक्षावाल्यावरचे 'आपरा रिक्षा' हे गाणे जन्मले. अमेरिकेतल्या हिंदी क्रांतिकारकांच्या गदर पार्टीवरून पहिल्या गीतसंग्रहाला 'गद्दर' नाव दिले होते. लोकांनी तेच गायकाला चिकटवले. पुढे जन नाट्य मंडळी निघाली. पोटासाठी मात्र ते कॅनरा बँकेत कारकून होते. बँकेत दिवसा खतावण्या आणि रात्री वस्त्यांमधून गाणी! १९८४ साली ती नोकरीही सोडली.

'मा भूमी' चित्रपटातले बैलगाडीचे गाणे तर घराघरात गेले. मी त्या दिवशी घाईने म्हणून गेलो, "गद्दरांनी काय गाणे लिहिलेय!" बाहेरून काकांचा आवाज आला, "त्याने लिहिलं नाही. बंडी यादगिरीने लिहिलं. निजामाविरुद्धच्या लढ्यातलं गाणं आहे. ह्याने पडद्यावर म्हटलं." एम.ए. झालो, वीस वर्षे कॉलेजात शिकवतो, तरी अशी चूक होतेच.

मला गद्दर यांचे मोठेपण दिसते ते त्यांच्या वेशात आणि चालीत. उघडे अंग, धोतर, पायात घुंगरू आणि खांद्यावर तेलुगूतली गोंगडी. आपण मराठीत घोंगडी म्हणतो, आजोळी कन्नडमध्ये कंबळी म्हणतो. ही धनगर-कुरुबांची वस्तू. तेलंगणात त्यांच्या भाईबंदांना कुरुमा म्हणतात. ते लोक ओग्गू वाजवून मल्लण्णाची कथा गातात. मल्लण्णा म्हणजे कोण? आपला खंडोबा, कर्नाटकातला मैलार. भालकीजवळच्या मैलार मल्लण्णाला आपल्यातली कितीतरी घरे नवस फेडायला जातात. गद्दर आणि त्यांच्या मंडळीने ही ओग्गू कथा, बुर्रकथा, वीथी भागोतम असे खेड्यातले जुने साचे उचलले आणि त्यांत जमीनदार, वेठबिगार, पोलीस आणि हमाल यांच्या कथा ओतल्या. एक माणूस टिपेला म्हणतो, मागचे दोघे झील धरतात, मध्येच गद्य बोलणे, मध्येच थट्टा. ज्याला अक्षर ओळखता येत नाही, त्यालाही पहिल्या फेरीत चाल पाठ व्हावी, अशी ती घडण. बार्शीचे अमर शेख संयुक्त महाराष्ट्राच्या दिवसांत हेच करत होते.

हे केवळ आपल्याकडेच घडते असे नाही. क्रोएशियात पुला नावाचे बंदर आहे. तिथला ब्रांको चर्नात्स, टोपणनाव तुस्ता, हा पंक रॉक गायक २०१२ साली वारला. त्याच्या 'कुद इदियोती' या वाद्यवृंदाच्या नावातला 'कुद' म्हणजे सरकारी थाटाचे सांस्कृतिक कलामंडळ, आणि पुढचा शब्द तर आपल्यालाही कळतो! सरकारी लोककला मंडळांचीच टर. युगोस्लाव्हिया फुटून शेजारी शेजाऱ्यावर बंदूक रोखत होता, त्या काळात ही मंडळी युद्धाविरुद्ध आणि राष्ट्रवादाच्या उन्मादाविरुद्ध गात राहिली. गिटार आणि ओग्गू यांत अंतर पुष्कळ, पण जातकुळी एक.

मात्र फरक इथेच सुरू होतो. गद्दर यांचे गाणे बंदुकीच्या बाजूला उभे होते. १९८५ साली कारमचेडूला दलितांचे हत्याकांड झाले. त्याविरुद्ध ते उभे राहिले, घरावर पोलीस आले आणि ते भूमिगत झाले. १९९० साली बाहेर आले, तेव्हा निजाम कॉलेजच्या मैदानावर लाखांच्या घरात माणूस जमला. एप्रिल १९९७ मध्ये त्यांच्या घरी येऊन मारेकऱ्यांनी गोळ्या झाडल्या. त्यातली एक पाठीच्या कण्याजवळ राहिली. काढणे धोक्याचे, म्हणून ती तशीच ठेवली, आणि पुढची सव्वीस वर्षे ती गोळी घेऊन ते नाचले. त्याच वर्षी जुलैत मुंबईच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलीस गोळीबारात दहा जण मेले आणि आपला शाहीर विलास घोगरे याने चार दिवसांनी स्वतःचे आयुष्य संपवले. आनंद पटवर्धन यांच्या 'जय भीम कॉम्रेड' ची सुरुवात तिथूनच होते.

मी हे सगळे संध्याकाळी काकांना भरभरून सांगत होतो. काका सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतले आणि म्हणाले, "आमच्या खात्यातला एक जण करीमनगरच्या रस्त्यावर भूसुरुंगात गेला. जीप चालवत होता. त्याच्या बायकोला निरोप सांगायला मी गेलो होतो. त्या बाईच्या दारात उभा राहून मला तुझ्या गद्दरचं गाणं ऐकव."

माझ्याजवळ उत्तर नव्हते. आजही नाही. गद्दर यांनी पुढे २००४ च्या वाटाघाटींत माओवाद्यांचे दूत म्हणून काम केले, नंतर वेगळ्या तेलंगणासाठी गायले, मंदिरांत गेले, २०१८ साली आयुष्यात पहिल्यांदा मतदान केले. शेवटी शेवटी स्वतःचा पक्षही काढला. जुन्या साथीदारांना हे आवडले नाही. पण मतदानाच्या रांगेपर्यंत आलेला माणूस मला पटतो. काकांना तेवढ्याने समाधान नाही, आणि त्यांना ते असावे असा हट्ट मी का धरावा?

दुसऱ्या दिवशी मी एकटाच मलकपेठहून मेट्रोने असेंब्लीला उतरलो आणि लाल बहादूर स्टेडियमकडे चालत गेलो. हमाल, विद्यार्थी, डोक्यावर पदर घेतलेल्या बायका, खांद्यावर घोंगडी टाकलेली म्हातारी माणसे, आणि कुठे ना कुठे डफ. सरकारी इतमामाचे पोलीसही तिथेच. ज्याच्या मागावर खाते फिरले, त्यालाच सलामी! काही संघटनांनी यावर आक्षेपही घेतला. अलवालला अंत्यविधीच्या गर्दीत 'सियासत' दैनिकाचे जहीरुद्दीन अली खान कोसळले आणि गेले. गद्दरांचे ते स्नेही.

पुढे नव्या सरकारने राज्याच्या चित्रपट पुरस्कारांना गद्दर यांचे नाव दिले. जून २०२५ मध्ये पहिला सोहळा झाला आणि उत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार 'पुष्पा २' साठी अल्लू अर्जुनला मिळाला. गंमतच आहे म्हणा! त्या रात्री मावशीचा फोन आला. सोहळा बघताना काकांनी तिला विचारले म्हणे, "आपली जुनी कंबळी कुठे ठेवलीस?" थंडी नव्हती. जून महिना. मावशीने ट्रंकेतून काढून दिली.

वाचकहो, मैलारच्या जत्रेत वाघ्या-मुरळी किंवा गोरवय्या जी कन्नड-मराठी मिसळलेली पदे म्हणतात, ती तुमच्या घरातल्या कुणा वडीलधाऱ्यांना येत असतील, तर उतरवून या सदराच्या पत्त्यावर जरूर पाठवा. चाल कशी आहे तेही दोन ओळींत लिहा.