फ्लिम्झी शेरा, पोचट दाणा

इंग्रजीतील काही शब्द आपल्या बोलण्यात असे स्थिरावले आहेत की त्यांना परके म्हणण्याचा अधिकार आता वैयाकरणांनाही उरलेला नाही. आणि तरीही त्यांपैकी एखादा शब्द आपण नेमका कशाला लावतो असे कोणी विचारले तर जीभ क्षणभर अडखळते. ‘फ्लिम्झी’ हा त्यांतलाच. रायपुरात, तात्यापाऱ्यातील एखाद्या जुन्या मराठी घरात ओढणीचा पोत बोटांत चुरगळून पाहणारी गृहिणी तो उच्चारते. पंडरीच्या कापडबाजारातील दुकानदार स्वतःच्या मालाविषयी कधीच नव्हे, पण शेजाऱ्याच्या मालाविषयी अगत्याने उच्चारतो. न्यायालयाच्या आवारातील विधिज्ञ प्रतिपक्षाच्या मुद्द्यांना तो चिकटवतात. आणि कचेरीतला अधिकारी हाताखालच्या माणसाचा रजेचा अर्ज परत करताना समासात तेवढा एकच शब्द लिहून मोकळा होतो. वस्त्रापासून विवादापर्यंत एवढा लांबचा प्रवास करणाऱ्या शब्दाची थोडी झडती घ्यावी असे बरेच दिवस मनात होते.

अठराव्या शतकाच्या आरंभी इंग्रजीत दिसू लागलेल्या या शब्दाचे कुळ निश्चित नाही. ‘फिल्म’ म्हणजे पातळ पापुद्रा, आणि त्यातील अक्षरांची उलटापालट होऊन हा शब्द निपजला असावा, एवढाच कोशकारांचा तर्क आहे. तर्क खरा असो वा नसो, शब्दाच्या पुढच्या चरित्राला तो साजतो. एकोणिसाव्या शतकात लंडनच्या बाजारबोलीत नोटेला ‘फ्लिम्झी’ म्हणत. त्याच शतकात वृत्तपत्रांच्या आणि तारखात्याच्या कचेऱ्यांत एका मजकुराच्या अनेक प्रती काढण्यासाठी जो कांद्याच्या पापुद्र्यासारखा कागद वापरीत, त्यालाही हेच नाव मिळाले. दुसऱ्या महायुद्धात उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटात लढणाऱ्या ब्रिटिश फौजेचे पेट्रोल ज्या चार गॅलनांच्या पत्र्याच्या डब्यांतून जाई, ते डबे सांध्यांतून इतके गळत की सैनिकांनी त्यांनाही ‘फ्लिम्झी’ हीच पदवी बहाल केली आणि जर्मनांचे मजबूत डबे हाती लागताच ते वापरण्यास आरंभ केला. जर्मनाला तुच्छतेने ‘जेरी’ म्हणणाऱ्यांनी त्याच्या डब्याचे मात्र अनुकरण केले, म्हणूनच आज आपल्याकडे केरोसिनच्या कॅनलासुद्धा जेरीकॅन म्हणतात.

या सर्व वापरांत एक गोष्ट समान आहे: जी वस्तू फ्लिम्झी आहे ती तशी आहे हे दिसते. कागद उजेडासमोर धरला की पलीकडचे बोट दिसते, डबा हलवला की वास येतो. फसवणुकीचा दोष या शब्दाच्या मूळ अर्थात नाही. मराठीत मात्र सत्त्वहीनतेचा विचार करताना आपल्या पूर्वजांचे लक्ष पातळपणाकडे कमी आणि पोकळीकडे अधिक गेलेले दिसते. ‘बडा घर, पोकळ वासा’ ही म्हण ज्याला सुचली त्याने वाशाची जाडी नव्हे, वाशाचे पोट तपासले होते. फुसका बार, पोकळ डौल, पोचट दाणा, फोल वचन – या शब्दांत प्रत्येक ठिकाणी बाहेरून काहीतरी भरल्यासारखे दिसते आणि आत काही नसते. ‘तकलादू’ हा एकटाच फ्लिम्झीचा खरा सोयरा. बाकी सगळी मंडळी अधिक गंभीर आरोप करणारी आहेत.

हा भेद मी विद्वत्तेच्या हौसेने काढत नाही. कचेरीच्या कारभारात तो न पाळल्यामुळे जे घडते, त्याकडे मला लक्ष वेधायचे आहे.

सरकारी दफ्तरात कारणांची प्रतवारी फार जुनी आहे. भोसल्यांच्या अमलात, 1790 ते 1796 या काळात, सुभेदार विठ्ठल दिनकर यांनी छत्तीसगडातील जुनी गढांची व्यवस्था मोडून परगणे पाडले आणि त्यांवर कमाविसदार, फडणवीस अशी हुद्देदारांची उतरंड बसवली. ज्या मुलखात गढाच्या पंचाईतीत गाऱ्हाणे तोंडी सांगून भागत होते तेथे अर्ज, उजूर, कैफियत आणि मखलाशी यांचा रीतसर प्रवेश झाला. पुढे 1818 मध्ये इंग्रज अधिकारी ॲग्न्यू याने मुख्यालय रतनपुराहून रायपुरास हलवले; कालांतराने दफ्तराची भाषा बदलली, कागद बदलला, शाई बदलली. परंतु खालून वर जाणाऱ्या कारणाला ‘सबब’ म्हणायचे आणि वरून खाली येणाऱ्या कारणाला ‘हुकूम’, ही विभागणी बदलली नाही. सबब लंगडी असू शकते. हुकूम लंगडा असल्याचे कोणत्याही दफ्तरात नमूद नाही.

‘फ्लिम्झी’ हा शेरा या विभागणीचा आधुनिक वारस आहे, असे माझे मत आहे. शिपायाने सासूच्या आजारपणाचे कारण देऊन चार दिवस मागितले, तर कारण फ्लिम्झी. शेतकऱ्याने नाला फुगला होता म्हणून तारखेस हजर राहता आले नाही असे सांगितले, तर तेही फ्लिम्झी. आणि त्याच शिपायाची जगदलपुरास बदली करताना हुकुमात जी दोन पदे असतात – ‘प्रशासकीय कारणास्तव’ – त्यांत कारण या नावाचा शब्द असूनही कारण नाही, हे साऱ्या कचेरीस ठाऊक असते; तरी ती पदे फ्लिम्झी ठरत नाहीत, कारण ती पातळ नाहीतच. ती जाड कागदावर, जावक क्रमांकासह, गोल मोहरेखाली उतरलेली असतात. इंग्रजी शब्दाने पातळपणावर बोट ठेवल्यामुळे ज्याच्यापाशी जाड कागद आहे तो सहीसलामत सुटतो. सासूचे आजारपण निदान सासूपुरते तरी खरे असण्याचा संभव होता.

कागदाचा विषय निघालाच आहे तर आपल्या कारभाराच्या परिभाषेतील एका अत्यंत सुंदर शब्दाचा उल्लेख राहून जाऊ नये. टंकलेखन यंत्राच्या काळात पत्राची मूळ प्रत जाड कागदावर बाहेर जाई आणि कार्बनखाली उमटलेली, पुसट, झुळझुळीत कागदावरची प्रत कचेरीत राही. तिला ‘स्थळप्रत’ म्हणतात. इंग्रजीत जिला फ्लिम्झी म्हणत ती हीच. मूळ प्रती घरोघर गेल्या, वाळवीने खाल्ल्या, स्थलांतरात हरवल्या; आणि निवृत्तिवेतनाचा दावा, जमिनीचा ताबा, नेमणुकीची तारीख असे प्रश्न कित्येक वर्षांनी उभे राहिले तेव्हा रुजुवात झाली ती त्या पापुद्र्यावरून. फ्लिम्झी कागदावर माणसांच्या संसारांचे ओझे असे तोलून धरलेले मी दफ्तरखान्यात पाहिले आहे, आणि तेव्हापासून पातळपणाविषयी माझ्या मनात आदर आहे.

रायपूरच्या वाङ्मयीन इतिहासात या आदराला पोषक असा एक दाखला आहे. माधवराव सप्रे यांचा जन्म 1871 चा, दमोह जिल्ह्यातील पथरियाचा. त्यांच्या शिक्षणाचा आणि आयुष्याच्या उत्तरार्धाचा संबंध रायपूरशी, आणि 1926 मध्ये त्यांचा देहान्तही येथेच झाला. मराठी मातृभाषेच्या या गृहस्थाने हिंदीची जी सेवा केली, ‘दासबोध’ आणि टिळकांचे ‘गीतारहस्य’ ज्या निष्ठेने त्या भाषेत नेले, तिची पुरेशी जाणीव महाराष्ट्रात आढळत नाही, हे जाता जाता सांगितले पाहिजे. जानेवारी 1900 मध्ये पेंड्र्याहून त्यांनी ‘छत्तीसगढ़ मित्र’ हे मासिक रामराव चिंचोलकरांसह संपादन करून काढले. त्याचे मालक रायपूरचे वामन बळीराम लाखे. तीन वर्षे कशीबशी चालून ते द्रव्याभावी बंद पडले. हिशेबनीसाच्या नजरेने पाहिले तर याहून फ्लिम्झी उद्योग शोधून सापडणार नाही. परंतु पुस्तकात सत्त्व आहे की केवळ बांधणी, हे निर्भीडपणे सांगणारी समालोचना हिंदीत रुजवण्याच्या कामात या अल्पायुषी मासिकाचा वाटा मानला जातो. आणि त्याच मासिकात 1901 मध्ये सप्र्यांची ‘एक टोकरी भर मिट्टी’ ही कथा प्रसिद्ध झाली, जिला अनेक अभ्यासक हिंदीतील पहिली लघुकथा म्हणतात.

कथा दोन-तीन पानांची. जमीनदाराला आपल्या वाड्याचे आवार वाढवायचे आहे आणि शेजारी एका अनाथ विधवेची झोपडी आहे. वकिलांना पैसे चारून तो न्यायालयातून झोपडीचा ताबा मिळवतो. विधवेपाशी दस्तऐवज नाही. नवरा आणि एकुलता मुलगा याच झोपडीत गेला, सूनही पाच वर्षांची पोर मागे ठेवून गेली, ती पोर आपल्या घरावाचून अन्नाला शिवत नाही, एवढेच तिचे म्हणणे. आणि कोणत्याही न्यायालयात प्रतिपक्षाचा वकील या म्हणण्यास काय म्हणेल ते वाचकांना सांगावयास नको. चूल घालण्यासाठी ती झोपडीतली टोपलीभर माती मागते, भरलेली टोपली डोक्यावर चढवायला जमीनदारालाच हात लावण्याची विनंती करते, आणि टोपली त्याच्याने हातभरही उचलत नाही. सप्र्यांनी तेथे युक्तिवाद केलेला नाही. मातीचे वजन करून दाखवले आहे.

वजनाची ही परीक्षा छत्तीसगडला नवी नव्हे, कारण येथील माणूस जन्मभर धान्य तोलत आणि पाखडत आलेला आहे. आपण ज्याला पोचट दाणा म्हणतो त्याला येथे ‘बदरा’ म्हणतात. लोंबीवर उभा असताना बदरा आणि भरलेला दाणा यांत फरक ओळखणे कठीण: तीच टरफले, तीच टोके, तोच सोनेरी रंग. किंबहुना बदऱ्याची लोंबी अधिक ताठ असते, कारण तिला वाकवणारे आत काही नसते. आणि हा दाणा पोचट का राहिला याची कारणे शोधू गेले तर त्यांत दाण्याचा अपराध क्वचितच आढळतो. भात निसवून फुलोऱ्यात आले की प्रत्येक फूल सकाळी थोडाच वेळ उमलते. त्या वेळी उष्णता 35 अंशांच्या पलीकडे गेली तर परागसिंचन बिघडते. त्या दिवसांत बांधीतले पाणी आटले, लोंबीच्या मानेवर करपा पडला, खोडकिड्याने देठ आतून कुरतडला, किंवा दाणा चिकात असताना गंधी ढेकणाने सोंड खुपसून त्यातले दूध शोषले, की टरफल तसेच राहते आणि तांदूळ भरत नाही.

येथील शेतकरी धानाचे ‘हरुना’ आणि ‘गरुना’ असे वर्ग करतो; कोकणातल्या हळव्या आणि गरव्या भातांची ही सख्खी भावंडे. हरुना म्हणजे हलके, लवकर येणारे, भाठा जमिनीच्या उथळ, तांबड्या, मुरमाड पोटावर पेरले जाणारे. गरुना म्हणजे भारी, उशिरा येणारे, कन्हारासारख्या काळ्या, ओल धरणाऱ्या खोलगट जमिनीत शोभणारे. नावावरून सत्त्व ठरवायचे तर हरुना आधीच बाद. परंतु ज्या वर्षी सप्टेंबर सरण्याआधीच पाऊस पाठ फिरवतो, त्या वर्षी हलक्या धानात दाणा भरून झालेला असतो, आणि वरच्या शेतात कोणी हौसेने भारी धान लावले असेल तर ते बदऱ्याने भरते. डॉ. राधेलाल रिछारिया यांनी 1970 च्या दशकात रायपूरच्या धान संशोधन संस्थेत राहून गावोगावचे हजारो देशी वाण जमवले, ज्यांचा वारसा आज इंदिरा गांधी कृषी विद्यापीठाच्या संग्रहात वीस हजारांहून अधिक नमुन्यांच्या रूपाने आहे, तेव्हा कमी उताऱ्याचे म्हणून मोडीत काढलेले कित्येक वाण त्यांना मोलाचे वाटले. कोणते धान कोणत्या जमिनीवर, कोणत्या पावसात भरते, हे ज्ञान त्या बियाण्यांबरोबर शेतकऱ्यांनी सांभाळले होते.

खळ्यावर – येथे त्याला बियारा म्हणतात – वाऱ्याच्या तोंडाशी उभे राहून धान उफणले की बदरा दूर उडतो, भरीव दाणा पायाशी पडतो. ही झाली खाण्याच्या धान्याची परीक्षा. सरकारी खरेदी केंद्रावर मोजमाप आणखी काटेकोर: ओलावा 17 टक्क्यांपेक्षा अधिक नको, अपक्व व सुरकुतलेले दाणे 3 टक्क्यांपेक्षा अधिक नकोत, नमुना काढून, यंत्र लावून, शेतकऱ्याच्या डोळ्यांदेखत हे ठरावे अशी अपेक्षा असते. वाद तेथेही होतात, पण निदान वादाला आकडा असतो.

बियाण्याची परीक्षा याहून कडक. साध्या पाण्यात टाकले तर पूर्ण पोचट दाणे तेवढे तरंगतात. अर्धवट भरलेले दाणे भरलेल्यांबरोबर तळाशी जाऊन बसतात. म्हणून कृषी विभाग मिठाचे 17 टक्क्यांचे द्रावण करावयास सांगतो: दहा लिटर पाण्यास एक किलो सातशे ग्रॅम मीठ, आणि वजनकाटा जवळ नसेल तर पाण्यात अंडे किंवा बटाटा तरंगू लागेपर्यंत. त्या जड पाण्यात अर्धवट दाणाही वर येतो. तो काढून टाकायचा, तळाचे बी दोनतीनदा स्वच्छ पाण्याने धुऊन सावलीत वाळवायचे. जो दाणा साध्या पाण्यात भरीव ठरला तोच मिठाच्या पाण्यात पोचट ठरतो, आणि यात दोन्ही पाण्यांचे म्हणणे खरे असते: गिरणीसाठी तो चालेल, पेरणीसाठी नाही.

कचेरीतील समासात ‘फ्लिम्झी’ लिहिण्यास माझी हरकत नाही. शिपायाची सबब पोचट असेलही. फक्त ती कोणत्या पाण्यात घालून पाहिली, किती ग्रॅम मिठाच्या, आणि बदलीच्या हुकुमाला तेच पाणी लावले होते किंवा कसे, एवढे त्या शेऱ्याखाली तारीखवार नोंदवण्याची तजवीज व्हावी. जागा कमी पडत असेल तर स्थळप्रतीच्या मागची बाजू कोरी असते.