त्याच दगडांचे दोन इतिहास

अमेरिकेत स्थायिक झालेल्या मुलामुलींकडे सहा-सहा महिने राहायला जाणारे आई-वडील आता मराठी मध्यमवर्गात घरोघरी आढळतात. नायगारा झाला, न्यूयॉर्क झाले, की पुढच्या खेपेस मुले त्यांना मेक्सिकोतील कानकूनला नेतात. समुद्रकिनाऱ्यावर दोन दिवस काढल्यावर तिसऱ्या दिवशी काय, हा प्रश्न पडतोच. मग खासगी सहल ठरते. स्वतंत्र मोटार, स्वतंत्र मार्गदर्शक, पहाटे निघायचे आणि रात्री परतायचे. माया संस्कृतीचे भग्नावशेष आणि स्पॅनिश वसाहतकाळातील रंगीत, टुमदार गावे, असे दोन्ही एका दिवसात पाहून होते. छायाचित्रेही उत्तम येतात.

या सहलीला विरोध करण्याचे कारण नाही. उलट, चाळीस प्रवाशांच्या बसमधून जाण्यापेक्षा ती शतपटीने बरी. परंतु तिच्या मांडणीत एक गोम आहे. तिकडे लक्ष वेधणे आवश्यक वाटते. सकाळी भग्नावशेष आणि दुपारी वसाहतीतील गावे, अशी जी विभागणी केली जाते तीमुळे पाहणाऱ्याचा असा समज होतो की, या दोन स्वतंत्र गोष्टी आहेत. एक कोणे एके काळी होऊन गेलेली आणि गूढरीत्या लुप्त झालेली संस्कृती, आणि दुसरी तिच्यानंतर आलेली, कमानींची आणि घंटाघरांची. वास्तविक या दोन्ही वास्तू एकाच दगडांच्या आहेत. पहिली पाडून दुसरी बांधली, हे ज्या सहलीत सांगितले जात नाही ती सहल अर्धीच.

इसामालचे उदाहरण घेऊ. युकातान राज्याची राजधानी मेरिदा. तेथून पूर्वेला सुमारे सत्तर किलोमीटरवर हे गाव आहे. सारे गाव पिवळ्या रंगात रंगविलेले. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९९३ च्या ऑगस्टमध्ये येथे येऊन मूलनिवासी समाजांच्या प्रतिनिधींची भेट घेतली होती. गावच्या मध्यभागी संत अंतोनियोचा विशाल मठ आहे. रस्त्यावरून पाहताना तो टेकडीवर बांधल्यासारखा दिसतो. पण युकातान हा चुनखडीचा सपाट प्रदेश आहे. ती टेकडी नव्हे, माया मंदिराचा चौथरा आहे. वरचे मंदिर पाडले, चौथरा तसाच ठेवला आणि त्याच मंदिराच्या दगडांतून १५६१ च्या सुमारास मठ उभा राहिला. बारकाईने पाहणाऱ्याला मठाच्या भिंतीत मध्येच एखादा नागमोडी नक्षीचा दगड दिसतो. तो कोठून आला हे विचारावे लागत नाही. काही मिनिटांच्या अंतरावर किनिच काकमो हा सूर्यदेवाचा पिरॅमिड आहे. त्याचा पायथा सुमारे दोनशे मीटर लांब. तो पाडणे बहुधा झेपले नसावे. तो उभा राहिला, आणि म्हणून मठाखाली काय होते याची कल्पना आज आपण करू शकतो.

मेरिदाचेही तेच. ६ जानेवारी १५४२ रोजी स्थापन झालेले हे नगर तिहो नावाच्या माया नगराच्या जागी वसविले गेले. तेथील महामंदिराच्या, म्हणजे १५९८ मध्ये पूर्ण झालेल्या कॅथेड्रलच्या भिंती त्याच नगराच्या दगडांच्या आहेत. चौकाच्या दुसऱ्या बाजूला विजेत्या मोन्तेखो घराण्याचा वाडा आहे. त्याच्या दर्शनी भागावर भालाधारी स्पॅनिश सैनिक मुंडक्यांवर पाय देऊन उभे आहेत. वसाहतकाळातील शिल्पकलेचा उत्कृष्ट नमुना म्हणून तो दाखविला जातो. नमुना उत्कृष्ट आहेच. पायाखाली काय आहे, तेही पाहावे एवढेच.

इसामालचा मठ ज्याच्या देखरेखीखाली उभा राहिला तो फ्रान्सिस्कन धर्मगुरू म्हणजे दिएगो दे लांदा. त्याचा पुतळा आजही इसामालमध्ये उभा आहे. त्याच्या नावाशी निगडित गाव मात्र वेगळे. ते मानी. मेरिदाच्या दक्षिणेला सुमारे शंभर किलोमीटरवरचे हे लहानसे गाव बहुतेक एकदिवसीय सहलींत नसते. येथे शिउ घराण्याची सत्ता होती. शेजारच्या माया सत्तांशी असलेल्या वैरापायी या घराण्याने स्पॅनिशांशी मैत्री केली, बाप्तिस्माही घेतला. म्हणजे मानी हे शत्रूचे नव्हे, मित्राचे गाव! तेथे एका गुहेत काही मूर्ती सापडल्या आणि लांदाने धर्मन्यायसभा भरविली. मनगटांना दोर बांधून टांगणे, फटके मारणे, अंगावर उकळते मेण ओतणे, अशी चौकशीची पद्धत. पुढे झालेल्या अधिकृत तपासात साडेचार हजारांहून अधिक लोकांचा छळ झाल्याची आणि त्यात दीडशेहून अधिक दगावल्याची नोंद झाली. १२ जुलै १५६२ रोजी मानीच्या चौकात मूर्तींचा ढीग पेटविण्यात आला आणि त्यात माया ग्रंथही टाकण्यात आले. झाडाच्या सालीच्या कागदावर चुन्याचा लेप देऊन लिहिलेले, पंख्यासारख्या घड्यांचे हे ग्रंथ. संख्या सत्तावीस सांगितली जाते. लांदाने पुढे स्वतःच लिहून ठेवले आहे की, त्यांत सैतानाच्या असत्याखेरीज काही नसल्याने सगळे जाळले आणि लोकांना त्याचे फार दुःख झाले. आज साऱ्या जगात माया लिपीतील अवघे चार ग्रंथ उरले आहेत. तीन युरोपात, ड्रेस्डेन, माद्रिद व पॅरिस येथे, आणि एक मेक्सिकोत. ड्रेस्डेनच्या ग्रंथातील शुक्राच्या गतीची कोष्टके पाहून आजचे खगोलशास्त्रज्ञही थक्क होतात. जळालेल्यांत काय होते, हे आता कोण सांगणार?

न्यायाने हेही नमूद केले पाहिजे की, त्याच चर्चचा बिशप फ्रान्सिस्को दे तोराल याने या अत्याचारांना विरोध केला आणि लांदाला जाबासाठी स्पेनला जावे लागले. पण निकाल काय लागला? लांदा निर्दोष सुटला आणि १५७३ मध्ये त्याच युकातानचा बिशप होऊन परतला.

पुढचा भाग तर एखाद्या कादंबरीत शोभावा. स्पेनमध्ये असताना, १५६६ च्या सुमारास, लांदाने युकातानविषयी एक वृत्तांत लिहिला. शिउ घराण्याशी नाते असलेला गास्पार अंतोनियो ची हा त्याच्या माहीतगारांपैकी एक. लांदाने स्पॅनिश वर्णमालेतील अक्षरे उच्चारावीत आणि माया लेखकाने त्यांची चिन्हे काढावीत, असा प्रकार झाला. माया लिपी वर्णांची नव्हेच. त्यामुळे लांदाने 'बी'ला 'बे' म्हटले तेव्हा समोरच्याने 'बे' या अक्षरध्वनीचे चिन्ह काढले. लांदाला वाटले, वर्णमाला मिळाली. मूळ हस्तलिखित हरवले. त्याची संक्षिप्त नक्कल एकोणिसाव्या शतकात माद्रिदमध्ये सापडली. विद्वानांनी ती वर्णमाला निरुपयोगी ठरविली. १९५२ मध्ये लेनिनग्राडमधील युरी क्नोरोझोव या तरुण संशोधकाने, तोवर एकही माया अवशेष प्रत्यक्ष पाहिलेला नसताना, ती चिन्हे वर्णांची नसून अक्षरध्वनींची असल्याचे दाखवून दिले. आपल्याला, बाराखडीवर वाढलेल्यांना, यातले मर्म चटकन कळावे. आज शिलालेखांवरील राजांची नावे, राज्यारोहणे, युद्धे वाचता येतात ती त्यामुळे. ज्या हाताने ग्रंथ जाळले त्याच हाताने लिहिलेली ती किल्ली! लांदाला याबद्दल धन्यवाद द्यावेत असे मात्र प्रस्तुत लेखकास वाटत नाही.

आता 'लुप्त' या शब्दाविषयी. सहलींच्या माहितीपत्रकांत आणि दूरचित्रवाणीवर हा शब्द हटकून येतो. दक्षिणेकडील अनेक नगरे नवव्या शतकाच्या आसपास ओस पडली, हे खरे. पण माणसे लुप्त झाली नाहीत. १७६१ मध्ये हासिन्तो कानेक याच्या नेतृत्वाखाली मायांनी उठाव केला. १८४७ मध्ये वायादोलिद येथे मान्युएल अंतोनियो आय या माया नेत्याला देहदंड दिला गेला आणि त्यातून जे युद्ध पेटले ते १९०१ पर्यंत धुमसत राहिले. वायादोलिदच्या चौकात बसून पर्यटक आइस्क्रीम खातात. तो चौक या युद्धाचा आहे. मे २०२१ मध्ये मेक्सिकोच्या राष्ट्राध्यक्षांनी या युद्धातील व शतकानुशतकांच्या अत्याचारांबद्दल माया समाजाची जाहीर क्षमा मागितली. लुप्त झालेल्यांची कोणी क्षमा मागत नाही. २०२० च्या जनगणनेनुसार मेक्सिकोत साडेसात लाखांहून अधिक लोक युकातानी माया भाषा बोलतात. प्रस्तुत लेखकाच्या सहलीतील मार्गदर्शक त्यांपैकीच एक होता. सकाळभर तो पाठ केलेले इंग्रजी बोलत होता. दुपारी त्याच्या आईचा दूरध्वनी आला तेव्हा तो ज्या भाषेत बोलला ती ऐकून मोटारीतील सगळेच गप्प झाले. त्या दिवसातला तेवढाच भाग कोणत्याही माहितीपत्रकात नव्हता.

या 'लुप्त' कल्पनेची दुसरी बाजू म्हणजे, हे सारे दुसऱ्याच कोणी बांधले असणार, ही समजूत. कोणी इस्रायलच्या हरवलेल्या टोळ्या आणल्या, कोणी अटलांटिस आणले, अलीकडे परग्रहवासी आणले जातात. २०१२ च्या डिसेंबरात माया पंचांगानुसार जग बुडणार असल्याची आवई आपल्या वाहिन्यांनीही चवीने चघळली. एक कालचक्र संपून दुसरे सुरू होणार होते, इतकेच. आणि येथे आपल्या घरचीही एक गोष्ट बोलली पाहिजे. मयासुराने मयसभा बांधली, म्हणून माया लोक मूळचे आपलेच, असा युक्तिवाद आपल्याकडे उत्साहाने केला जातो. नावाच्या साम्यापलीकडे त्यास आधार नाही. शून्याची कल्पना त्यांनीही स्वतंत्रपणे केली, वीसच्या पटीत मोजणी केली, हे त्यांचे कर्तृत्व आहे. आपल्या पूर्वजांचे श्रेय इतरांनी लाटले की आपल्याला संताप येतो. तोच न्याय त्यांनाही लावायला हवा. जॉन लॉइड स्टीफन्स या अमेरिकी प्रवाशाने १८४० च्या दशकातच स्पष्ट लिहिले होते की, या नगरांचे निर्माते तेथे राहणाऱ्या लोकांचेच पूर्वज होत.

खरा संबंध शोधायचा असेल तर तो गोव्याशी आहे. गोव्यात पोर्तुगीजांची धर्मन्यायसभा १५६० मध्ये स्थापन झाली. मानीची होळी १५६२ ची. दोन महासागरांच्या पलीकडे, दोन वेगळ्या राजसत्तांखाली, अवघ्या दोन वर्षांच्या अंतराने हे घडत होते. त्याच काळात कुठ्ठाळीचा मंगेश आणि केळशीची शांतादुर्गा नदीपलीकडे, पोर्तुगीज हद्दीबाहेर नेण्यात आले. आपल्या देवांना नदीपलीकडची जागा मिळाली. मायांना मिळाले ते दक्षिणेचे घनदाट अरण्य. तेथील इत्झांचे अखेरचे राज्य १६९७ पर्यंत टिकले. ओल्ड गोव्याची एकदिवसीय सहल करणाऱ्यास आजही कमानी आणि सुवर्णवेदी दाखविल्या जातात. मंगेशी आणि कवळे त्याच दिवशी दाखविले, तरी ही मंदिरे तेथे का आहेत, हे किती मार्गदर्शक सांगतात? मेक्सिकोला नावे ठेवण्यापूर्वी हा प्रश्न आपल्या पर्यटन व्यवसायाला विचारायला हरकत नाही.

इसामालच्या मठात आज गुडघे टेकणारे बहुतेक भाविक मायाच आहेत, तेथील मातेवर त्यांची श्रद्धा आहे. तिचा अवमान करण्याचा अधिकार कोणालाही नाही. प्रश्न पाडण्याचा नाही, सांगण्याचा आहे. सांगण्यात पैसाही आहे. चिचेन इत्झा पाहायला गर्दीच्या वर्षांत वीस लाखांहून अधिक लोक येतात. हे जगप्रसिद्ध स्थळ ज्या जमिनीवर आहे ती २०१० पर्यंत खासगी मालकीची होती. त्या वर्षी राज्य सरकारने ती २२ कोटी पेसो देऊन विकत घेतली. तेथील पवित्र जलकुंडातून अमेरिकी वाणिज्यदूत एडवर्ड थॉम्पसन याने उपसलेल्या वस्तू हार्वर्डच्या संग्रहालयात गेल्या. त्यांपैकी काहीच परत आल्या. पिरॅमिडभोवतीच्या वाटांवर लाकडी मुखवटे विकणारे माया कारागीर मात्र गर्दीला अडथळा ठरतात, अशी तक्रार होते. डिसेंबर २०२३ पासून कानकूनहून रेल्वेही सुरू झाली. तिला 'माया' असे नाव आहे.

म्हणून सहल ठरविताना थोडा आग्रह धरावा. कानकूनहून एका दिवसात चिचेन इत्झा आणि वायादोलिद होते, मानी होत नाही. त्यासाठी एक रात्र मेरिदाला मुक्काम करावा आणि दुसऱ्या दिवशी दक्षिणेची वाट धरावी. उश्मालचे अवशेष सकाळी पाहून, तिकुलमार्गे मानी गाठता येते. मार्गदर्शक माया भाषा बोलणारा हवा, हे आधीच सांगावे; असे पुष्कळ आहेत, पण मागितल्याशिवाय मिळतीलच असे नाही. मानीची प्रसिद्ध खाद्यगृहे डुकराच्या मांसाची आहेत, शाकाहारी मंडळींनी डबा जवळ बाळगावा. मठासमोरचे पटांगण पाहायला अर्धा तास पुरतो. मोटारवाला तेवढ्या वळशाचे जादा पैसे मागेल. ते घासाघीस न करता द्यावेत.