शिडी नसलेला मनोरा

कल्पित नगरींच्या कथांमध्ये एक नगरी वारंवार आढळते. ती जमिनीवर पसरत नाही, आकाशाकडे चढत जाते. वरच्या मजल्यांवर ऊन, बागा आणि निवांतपणा. खालच्या मजल्यांवर धूर, यंत्रे आणि अखंड काम. 1927 साली जर्मन दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांनी ‘मेट्रोपोलिस’ या मूकपटात अशीच नगरी उभी केली : मालक मनोऱ्यांत, कामगार भूमीखाली. युरोपला ते भविष्यकाळाचे चित्र वाटले. भारतात ते वर्तमानाचे वर्णन ठरले असते. त्याआधी सात वर्षे, 31 जानेवारी 1920 रोजी, ‘मूकनायक’च्या पहिल्याच अंकात बाबासाहेब आंबेडकरांनी हिंदू समाजाला मनोऱ्याची उपमा दिली होती. एकेक जात हा त्याचा एकेक मजला, आणि या मजल्यांना जोडणारी शिडीच नाही. ज्याचा जन्म ज्या मजल्यावर, त्याचा मृत्यूही त्याच मजल्यावर. खालचा कितीही लायक असला तरी वर जाऊ शकत नाही आणि वरचा कितीही नालायक असला तरी त्याला कोणी खाली ढकलू शकत नाही.

लांग यांच्या नगरीत मजले दोनच आहेत, म्हणून तेथे बंड होऊ शकते. बाबासाहेबांच्या मनोऱ्यात मजले अनेक आहेत. सर्वांत खालचा सोडला तर प्रत्येकाच्या पायाखाली आणखी कोणी तरी आहे, आणि ते पायाखालचे छत टिकावे यातच त्याचा स्वार्थ गुंतलेला आहे. समाजवादी चळवळीने हा फरक पुरेसा ओळखला नाही. वर्ग म्हटले की दोन मजले डोळ्यांपुढे येतात. प्रत्यक्षात जिना चढावयाचा तर मधले दहा दरवाजे बंद असतात.

आता अहिल्यानगर असे नाव धारण करणाऱ्या नगर जिल्ह्यात या मनोऱ्याला शिडी लावण्याचा एक मोठा प्रयत्न झाला, हे मान्य केलेच पाहिजे. विठ्ठलराव विखे पाटील आणि अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने प्रवरेच्या काठी सहकारी साखर कारखाना उभा राहिला आणि 1950-51 च्या हंगामात त्याचे गाळप सुरू झाले. सावकाराच्या दारात उभा राहणारा शेतकरी कारखान्याचा मालक झाला. ही लहान गोष्ट नव्हती. शाळा, महाविद्यालये, रुग्णालये याच शिडीवरून आली. परंतु ही शिडी टेकविली कोठे? उत्पादक सभासदत्व उसावर, ऊस पाण्यावर आणि पाणी जमिनीवर अवलंबून. ज्याच्याजवळ जमीन नव्हती त्याच्यासाठी शिडीची पहिली पायरी डोक्याच्याही वर होती. शिडी दुसऱ्या मजल्यापासून सुरू झाली.

तळमजल्यावर कोण राहिले हे पाहावयाचे तर दिवाळीच्या सुमारास पाथर्डी, शेवगाव, जामखेड या दुष्काळी तालुक्यांतून निघणारे तांडे पाहावेत. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ धरला जातो. म्हणजे हिशेबात स्त्री स्वतंत्र मजूर म्हणून नसतेच. मुकादमाकडून घेतलेली उचल फेडण्यासाठी पाच-सहा महिने पालात काढावे लागतात. मात्र यातील अर्थशास्त्र याहून अधिक कठोर आहे. उसाचा रास्त व किफायतशीर दर शेतकऱ्याच्या हाती पडतो तो तोडणी आणि वाहतुकीचा खर्च वजा होऊन. मजुराची मजुरी वाढली की शेतकऱ्याची पट्टी घटते. साखरेच्या भावातून, आसवनीच्या उत्पन्नातून किंवा व्यवस्थापनाच्या उधळपट्टीतून ही वाढ द्यावी असा प्रश्न उपस्थितच होत नाही. दोन एकरांचा शेतकरी आणि कोयता चालविणारा मजूर असे परस्परांसमोर उभे केले जातात, आणि वरच्या मजल्यावरील संचालक मंडळ मध्यस्थ म्हणून मिरवते! जानेवारी 2024 मध्ये तोडणीच्या दरात 34 टक्के वाढीचा करार झाला. तो संघटनेचा विजय होता यात शंका नाही. पण तो खर्च कोणाच्या खात्यातून जातो हे कोणी विचारले नाही.

श्रीरामपूर-कोपरगाव पट्ट्याची कथा निराळी, पण रचना तीच. 1961 च्या कमाल जमीनधारणा कायद्याने खासगी साखर कंपन्यांची जमीन शासनाने घेतली आणि 1963 मध्ये शेती महामंडळ स्थापन झाले. ज्यांनी पूर्वी कंपन्यांना खंडाने जमिनी दिल्या होत्या त्या खंडकऱ्यांनी दीर्घ लढा दिला आणि 2012 नंतर त्यांना जमिनी परत मिळू लागल्या. त्यांचा हक्क होता, तो मिळाला, हे योग्यच झाले. परंतु त्याच जमिनीत दोन-तीन पिढ्या घाम गाळणारे महामंडळाचे मजूर, ज्यांच्यात दलित आणि भूमिहीन मोठ्या संख्येने आहेत, ते पडक्या चाळींतून राहत्या घराच्या जागेची मागणी करीत राहिले. मालकीची नोंद सात-बाऱ्यावर होते; श्रमाची कोठेच होत नाही.

याच पट्ट्यातील हरेगावला डिसेंबर 1939 मध्ये वतनदारांची परिषद भरली होती आणि तिला बाबासाहेब आले होते. त्याच हरेगावात ऑगस्ट 2023 मध्ये शेळी आणि कबुतरे चोरल्याच्या संशयावरून दलित तरुणांना झाडाला उलटे टांगून मारहाण झाली. नेवासे तालुक्यातील सोनईत 1 जानेवारी 2013 रोजी सफाईकाम करणाऱ्या समाजातील तीन तरुणांचा खून झाला. मूळ कारण एका मुलीशी असलेले प्रेम. जामखेड तालुक्यातील खर्ड्यात 2014 साली अशाच संशयावरून एका दलित शाळकरी मुलाचा जीव गेला, आणि 2017 मध्ये त्या खटल्यातील आरोपी निर्दोष सुटले. या घटना मागासलेल्या, कोरड्या मुलखापुरत्या नाहीत. हरेगाव आणि सोनई हा कालव्याचा, कारखान्यांचा, महाविद्यालयांचा मुलूख आहे. सुबत्ता आली की जात आपोआप विरघळेल, हा पुरोगाम्यांचा आवडता सिद्धांत नगर जिल्ह्याने खोटा ठरविला आहे. उत्पन्न वाढले, त्याबरोबर मजल्यांची उंचीही वाढली.

शासनाने ऊसतोड कामगारांसाठी गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने महामंडळ काढले, मुलांसाठी संत भगवानबाबा वसतिगृहांची योजना आखली. पहिल्या टप्प्यात पाथर्डी आणि जामखेड हे तालुके आहेत. कार्यकर्त्यांना करण्याजोगे काम येथे आहे. कारखान्याच्या वार्षिक सभेत साखर उताऱ्यावर भाषणे पुष्कळ होतात; त्याच सभेत तोडणीचा खर्च शेतकऱ्याच्या पट्टीतून न कापता कारखान्याच्या नफ्यातून द्यावा असा ठराव एखाद्या लहान सभासदाने मांडावा आणि त्याला मजुरांच्या संघटनेने बाहेरून पाठिंबा द्यावा, यासाठी दोघांना आधी एकत्र बसवावे लागेल. महामंडळाच्या चाळींतील कुटुंबांची यादी गावनिहाय तयार करावी लागेल. आणि पुढचा हंगाम सुरू होण्यापूर्वी ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडून ऊसतोड कामगारांची ओळखपत्रे काढून घ्यावी लागतील, ती नवऱ्याच्या आणि बायकोच्या नावाने स्वतंत्र.