खेळाचा दाखला

एका निवृत्त शिक्षिकेने व्हिडिओ गेमविषयी लिहिलेले पाहून काही जण गालातल्या गालात हसतील. हसू देत. माझी बत्तीस वर्षे वाशीत मुलांना शिकवण्यात गेली. जून महिना उजाडला की नव्याने आलेल्या मुलांचे दाखले तपासण्याचे काम हमखास माझ्या वाट्याला यायचे. त्या कामाचा आणि या विषयाचा फार जवळचा संबंध आहे, असे मला अलीकडे वाटू लागले आहे.

नवी मुंबई हे मुळातच दुसरीकडून आलेल्या माणसांचे गाव. सिडको स्थापन झाली १९७० साली, खाडीवरचा पूल झाला १९७३ साली आणि लोकल वाशीपर्यंत पोहोचली ती १९९२ मध्ये. दर टप्प्याला नवी कुटुंबे येत राहिली. कुणी गिरगावच्या चाळीतून, कुणी साताऱ्याहून, कुणी बँकेच्या बदलीवर थेट नागपूरहून. मूल वर्गाच्या दारात बावरून उभे असायचे आणि वडिलांच्या हातात घडी घातलेला शाळा सोडल्याचा दाखला. नाव, जन्मतारीख, इयत्ता, प्रगती, वर्तणूक. (वर्तणूक सगळ्यांचीच 'चांगली' असायची, तो भाग सोडा!) पण त्या एका कागदामुळे सातवीतल्या पोराला पुन्हा पहिलीत बसावे लागत नसे. एखादी शाळा दाखला अडवून धरी, तेव्हा पालक तिथे जाऊन भांडत आणि ते योग्यच होते. शिकले मूल, शाळेने त्याची नोंद ठेवली. नोंद ठेवली म्हणून शिक्षण शाळेच्या मालकीचे होत नाही.

आता खेळाकडे वळू. खेळणारा कुठल्या टप्प्यावर आहे, त्याने काय मिळवले, काय बांधले, कुणाला हरवले ही सगळी नोंद यंत्र ठेवते. तिला मुले 'सेव्ह' म्हणतात. मोठ्या खेळांमध्ये एका सेव्हमागे शंभर-दीडशे तास सहज जातात. ते तास वाया गेले की सत्कारणी लागले हा वाद आज नको. वेळ खेळणाऱ्याचा गेला, एवढे मान्य केले तरी पुरे. प्रश्न असा, की जुने यंत्र जाऊन घरात नवे आले की ही नोंद सोबत येते का?

नव्वदच्या दशकात माझ्या मुलाकडे टीव्हीला जोडायचा एक डबा होता. खाचेत कार्ट्रिज खुपसायचे आणि खेळायचे. त्यातला मारिओ काहीच लक्षात ठेवत नसे. वीज गेली की सगळे पहिल्यापासून! (आणि तेव्हा वीज जायची.) पण काही खेळ टप्पा संपला की पडद्यावर अक्षरा-आकड्यांची एक ओळ दाखवत. ती ओळ पुढच्या वेळी भरली की खेळ तिथून पुढे सुरू. मुलगा त्या ओळी गणिताच्या वहीच्या मागच्या पानावर लिहून ठेवायचा. तीच वही घेऊन तो शेजारच्या सेक्टरमधल्या मित्राकडे जायचा आणि त्याच्या डब्यावर तीच ओळ भरून पुढे खेळायचा. यंत्र मित्राचे, प्रगती ह्याची. मला तरी ही आजवरची सर्वांत मोकळी पद्धत वाटते. कुणाची परवानगी नको, वर्गणी नको, लागते ती फक्त पेन्सिल.

पुढे मेमरी कार्ड आले. सोनीचे पहिले प्लेस्टेशन जपानमध्ये १९९४ साली निघाले. त्याच्या कार्डात १२८ किलोबाइट मावत, म्हणजे आजच्या मोबाइलमधल्या एका फोटोइतकीही जागा नाही. दुसऱ्या प्लेस्टेशनचे कार्ड आठ मेगाबाइटचे. तरीही ते कार्ड खिशात मावे आणि खिसा मुलाचा असे. नंतर सेव्ह यंत्राच्या आतल्या हार्ड डिस्कवर गेले आणि तिथून कंपनीच्या 'क्लाउड'वर, म्हणजे कुठेतरी दूर ठेवलेल्या कंपनीच्या संगणकांवर. साठवायची जागा हजारो पटींनी वाढली. पण ज्याचा खेळ त्याचा हात मात्र त्या नोंदीपासून दर पिढीत थोडा लांब गेला. माझे म्हणणे एवढेच आहे आणि त्याला पुरावा द्यायला हवा.

प्लेस्टेशन ४ वरचे सेव्ह पेन ड्राइव्हवर उतरवून घेता येते. प्लेस्टेशन ५ भारतात २ फेब्रुवारी २०२१ रोजी आले. त्यावर जुन्या यंत्राचे सेव्ह वायरने, वायफायने किंवा पेन ड्राइव्हने आणता येते, ही चांगली सोय आहे. पण खास प्लेस्टेशन ५ साठी बनलेल्या खेळाचे सेव्ह तसे सुटे उचलून पेन ड्राइव्हवर ठेवता येत नाही. ते क्लाउडवर ठेवायचे तर पैसे भरून वर्गणीदार व्हावे लागते आणि वर्गणी थांबली की तिथले उतरवून घेता येत नाही. निन्टेन्डोच्या स्विचवर तर खेळाचे कार्ड काढून दुसऱ्या यंत्रात घातले तरी सेव्ह जुन्याच यंत्रात राहते. ते हलवायचे तर दोन्ही यंत्रे जवळजवळ ठेवावी लागतात. जुने यंत्र आधीच बिघडले असेल आणि वर्गणीही नसेल, तर संपलेच. न्यायाने सांगायचे तर मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स वनवर आणि त्याच्या पुढच्या यंत्रावर हीच क्लाउडची सोय फुकट आहे. म्हणजे ती फुकट देणे जमत नाही असे नाही.

यंत्र बदलले, की त्याच खेळाच्या नव्या आवृत्तीला जुने सेव्ह उघडता यावे हा आणखी वेगळा मामला. २०१८ चा स्पायडर-मॅनचा खेळ २०२० मध्ये प्लेस्टेशन ५ साठी नव्याने सजवून आणला, तेव्हा इन्सॉम्नियाक या कंपनीने आधी सांगितले की जुने सेव्ह चालणार नाही. लोकांनी ओरडा केला. महिन्याभरात कंपनीने विचार बदलला आणि ती सोय करून दिली. तंत्रज्ञान त्या महिन्यात बदलले नव्हते. बदलली ती इच्छा.

आपल्याकडचे उदाहरण तर याहून बोलके आहे, जरी ते मोबाइलवरचे असले तरी. २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने पब्जी मोबाइलवर बंदी घातली. आमच्या इमारतीतली निम्मी पोरे सुतकात गेल्यासारखी दिसत होती. जुलै २०२१ मध्ये क्राफ्टन कंपनीने तोच खेळ 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' या नावाने आणला आणि जुन्या खात्यातले कपडे, शस्त्रांची सजावट, मिळवलेले सगळे नव्या खेळात आणायची सोय दिली. खेळाडूने संमती द्यायची, जुन्या खात्याने लॉगिन करायचे, झाले. त्याची मुदत ३१ डिसेंबर २०२१ ला संपली. मुले परत हवी होती म्हणून दाखला पटकन मिळाला! आणि मुदत उलटल्यावर जो आला, त्याने पहिलीत बसायचे.

हे सगळे मला इतके तपशिलात का ठाऊक, असे विचाराल. आमचे हे निवृत्तीनंतर नातवाबरोबर क्रिकेटचा एक खेळ खेळू लागले. सुरुवातीला नातवाला सोबत म्हणून. मग तो शाळेत गेला की एकटेच. त्या खेळात आपले खेळाडू बनवता येतात. ह्यांनी नेरुळच्या बागेत सकाळी फिरायला येणाऱ्या मंडळींची टीम बनवली. गुडघे दुखणारे कुलकर्णी सलामीला, बिल भरताना नेहमी पाकीट विसरणारे देशमुख विकेटकीपर, कारण "त्यांच्या हातून काही सुटत नाही"! ह्यांना जाऊन चार वर्षे झाली. त्या अकरांतले आणखी दोघे आता नाहीत. नातवाला नवे यंत्र मिळाले तेव्हा त्याने पहिल्यांदा विचारले ते हेच, "आजी, आजोबांची टीम येईल ना?" टीम आली. जुना खेळ नव्या यंत्रावर चालतो, म्हणून आली. त्या खेळाच्या पुढच्या आवृत्तीत मात्र ती जात नाही. नातवाने कंपनीला पत्र लिहिले, दोन ओळींचे ठरावीक उत्तर आले. म्हणजे पुढचे यंत्र जेव्हा हा जुना खेळ चालवायचे नाकारेल, तेव्हा कुलकर्णी शेवटचे सलामीला उतरलेले असतील.

कंपन्यांची बाजूही ऐकली पाहिजे. त्या म्हणतात, सेव्ह मोकळे सोडले तर पोरे त्यात फेरफार करतात, नसलेली बक्षिसे मिळवतात आणि इंटरनेटवर इतरांशी खेळताना लबाडी होते. हे खरे आहे. खोटे दाखलेही मी पाहिले आहेत, जन्मतारीख खाडाखोड केलेले. म्हणून तर त्यावर शिक्का आणि मुख्याध्यापकांची सही असते. खोटे दाखले निघतात म्हणून कुणालाच दाखला देऊ नका, असे शिक्षण खात्याने कधी म्हटल्याचे मला आठवत नाही. संगणकावर तर असा शिक्का मारणे आणि तपासणे अधिकच सोपे. दुसरे म्हणणे असे, की नव्या आवृत्तीची रचना निराळी असते. तेही कबूल. आपल्या बोर्डातून केंद्रीय बोर्डात गेलेल्या मुलाची पुस्तके बदलतात, इयत्ता मात्र कुणी काढून घेत नाही.

मोबाइलचा नंबर घ्या. २० जानेवारी २०११ पासून देशभर नंबर न बदलता कंपनी बदलता येऊ लागली. त्याआधी लोक केवळ नंबर जाईल म्हणून वाईट सेवा सोसत होते. कंपन्यांनी आपणहून ती मुभा दिली नाही, नियम करावा लागला. आपली माहिती एका कंपनीकडून उचलून दुसरीकडे नेण्याचा हक्क युरोपात मे २०१८ पासून कायद्यात आहे. आपल्याकडे २०१९ च्या विधेयकातही तो होता. ते विधेयक २०२२ मध्ये मागे घेतले गेले आणि २०२३ मध्ये जो डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षणाचा कायदा झाला, त्यातून हा हक्क गळला. माहिती कोणती ठेवली आहे ते विचारण्याचा, दुरुस्त करून घेण्याचा, पुसून टाकण्याचा हक्क त्यात आहे. आपल्या माघारी हे हक्क कुणी बजावायचे, ते नाव नेमून ठेवण्याचीही तरतूद आहे. पण त्या नेमलेल्या माणसाला पुसून टाकायला सांगता येईल, उचलून नेता येणार नाही! खेळाचे सेव्ह ही वैयक्तिक माहिती ठरते का, यावर वकील हवा तेवढा वाद घालतील. आधी हक्क परत कायद्यात येऊ दे, मग घालू देत.

तोवर घरोघरच्या आजी-आजोबांना आणि त्यांच्या नातवंडांना एक सांगते. जुने यंत्र विकायची घाई करू नका. सेव्ह नव्या यंत्रावर आणा, नुसते आलेले दिसते यावर विश्वास ठेवू नका, खेळ उघडून थोडे खेळून पाहा. पेन ड्राइव्हवर उतरवता येत असेल तर तेही करा आणि त्यावर नाव-तारखेची चिठ्ठी चिकटवा. मगच जुने यंत्र पुसून गिऱ्हाइकाच्या हाती द्या.