परनाम आणि स्वनाम : 'एस्किमो' या शब्दाच्या निमित्ताने

काही वर्षांपूर्वी आमच्या विभागातील एका विद्यार्थिनीने एम. ए. च्या लघुप्रबंधासाठी अलास्कातील लोककथांच्या एका इंग्रजी संकलनातून काही कथा निवडून त्यांचा मराठी अनुवाद केला आणि त्यास एक प्रस्तावनाही जोडली. मार्गदर्शक या नात्याने प्रस्तुत लेखकाने तो मजकूर तपासला आणि जेथे जेथे 'एस्किमो' हा शब्द आला होता तेथे तेथे तांबड्या शाईने तो खोडून वर 'इनुइट' असे लिहिले. समासात शेराही मारला : 'हा शब्द अवमानकारक आहे. वापरू नये.' हा शेरा मारताना आपण काही पुरोगामी कृती करीत आहोत असे समाधान मनाशी होते, हे कबूल करावयास हवे. त्या कथा युपिक समाजाच्या आहेत, युपिक माणूस स्वतःला इनुइट म्हणवीत नाही, किंबहुना त्याच्या भाषेत 'इनुइट' हा शब्दच नाही, ही गोष्ट पुढे ध्यानात आली. एक परके नाव पुसून मी दुसरे परके नाव लिहिले होते. तेही त्या समाजाविषयी एक ओळ न वाचता.

प्रस्तुत टिपणाचा विषय ही चूक हाच आहे. कारण ती केवळ माझी नसून आपल्या अभ्यासव्यवहारात रुळू पाहणारी एक रीत आहे असे वाटते. अवमानकारक नावांची एक यादी व आदरार्थी नावांची दुसरी यादी तयार करावयाची आणि पहिलीतील शब्द खोडून दुसरीतील घालावयाचे, एवढ्यावर आपण थांबतो. ज्याचे नाव बदलले त्याला विचारण्याचे मात्र जुन्या रीतीत जसे राहून गेले, तसेच नव्या रीतीतही राहून जाते.

'एस्किमो' हा शब्द मराठी वाचकाला शाळेच्या भूगोलातून भेटला. टंड्रा प्रदेश, बर्फाचे घर, कुत्र्यांची गाडी आणि केसाळ कातड्यात गुंडाळलेला हसरा एस्किमो, असे ते चित्र. कॅनडातील व ग्रीनलंडमधील बहुसंख्य इनुइटांनी बर्फाचे घर कायमचे निवासस्थान म्हणून कधी वापरलेच नाही, हा तपशील त्या चित्रात बसत नव्हता. नाव आणि चित्र एकमेकांना चिकटून आले. त्यामुळे नाव नाकारणारे लोक त्याबरोबर ते चित्रही नाकारीत आहेत, हे आपल्याला पटकन उमगत नाही. रॉबर्ट फ्लाहर्टी यांच्या 1922 च्या 'नानूक ऑफ द नॉर्थ' या प्रसिद्ध बोलपटपूर्व चित्रपटातील नायकाचे खरे नाव अल्लाकारिआल्लाक असे होते. उच्चारास सोपे व अर्थाने आकर्षक ('अस्वल') म्हणून त्याला 'नानूक' करण्यात आले. बंदूक वापरणाऱ्या शिकाऱ्यांच्या हाती कॅमेऱ्यापुढे भाले देण्यात आले, ते याच ओघात.

आता व्युत्पत्तीचा प्रश्न. 'एस्किमो' म्हणजे 'कच्चे मांस खाणारे' आणि म्हणून तो शब्द अपमानास्पद, हे स्पष्टीकरण सर्वत्र आढळते. माझ्याही शेऱ्यामागे तेच होते. भाषाशास्त्राच्या दृष्टीने ते फारसे टिकत नाही. दक्षिणेकडील अल्गाँक्वियन कुळातील शेजाऱ्यांच्या भाषेतून हा शब्द युरोपीयांकडे आला, याविषयी एकमत आहे. परंतु जोझे मेलो या क्वेबेकमधील विदुषीने 1978 मध्ये त्याचा अर्थ 'परकी भाषा बोलणारे' असा सुचविला, तर आयव्हज् गॉडर्ड यांनी बर्फावर चालावयाच्या जाळीदार पादुका विणण्याशी तो जोडला. दोन्ही अर्थांत निंदा नाही. मग शब्द निर्दोष ठरला काय? तसा ठरत नाही, आणि आपल्यासारख्या भाषेच्या अभ्यासकांनी थबकावे असे स्थळ माझ्या मते हेच आहे. व्युत्पत्ती शब्दाचा जन्म सांगते. त्याने पुढे कोणाच्या तोंडी कसे आयुष्य काढले ते सांगत नाही. शिवाय 'कच्चे मांस' या अर्थात लाजण्यासारखे काही आहे असे इनुइट मानीत नाहीत. देवमाशाची कच्ची त्वचा हे त्यांचे आवडीचे खाद्य आहे आणि 'क' जीवनसत्त्वाचा तो मोठा साठा आहे. किळस नाव ठेवणाऱ्याच्या पंक्तीतली आहे.

प्रत्येक परनाम अपमानकारक असते असेही नव्हे. (समाज स्वतःस ज्या नावाने ओळखतो ते स्वनाम व इतर त्यास ज्या नावाने ओळखतात ते परनाम, अशा अर्थाने या संज्ञा येथे योजल्या आहेत.) 'जर्मन', 'ग्रीक', 'चिनी' ही सारी परनामे होत. जर्मन माणूस स्वतःला 'डॉइच' म्हणवितो, तरी आपल्या 'जर्मन' म्हणण्याचे त्याला काही वाटत नाही. 'हिंदू' हा शब्दही सिंधू नदीच्या नावाच्या इराणी उच्चारातून आलेले परनामच आहे. या नावांनी दुखापत का होत नाही? कारण त्या नावाखाली कोणी परक्याने त्यांची मुले उचलून निवासी शाळेत घातली नाहीत, त्यांची वस्ती हलविली नाही, त्यांच्या गळ्यात क्रमांक बांधला नाही. इनुइटांच्या बाबतीत या तिन्ही गोष्टी घडल्या.

क्रमांकाची हकीकत थोडी विस्ताराने सांगावयास हवी. परंपरेने इनुइटांत आडनाव नसे. मृत आप्ताचे नाव नवजात अर्भकास दिले जाई व नावाबरोबर त्या आप्ताचे नातेही येई. आजीचे नाव लाभलेल्या मुलीला तिची आई 'आई' म्हणून हाक मारू शके. एकच नाव मुलग्यास वा मुलीस चाले. आपल्याकडेही वारलेल्या आजोबांचे नाव नातवाला ठेवतात आणि मग सासऱ्याचे नाव कसे घ्यावे म्हणून घरातील सून त्याला 'बाळ' म्हणत राहते. त्यामुळे या व्यवस्थेची कल्पना मराठी वाचकाला अवघड जाऊ नये. कॅनडाच्या सरकारी कारकुनास मात्र ती गैरसोयीची वाटली. 1941 पासून प्रत्येक इनुइट व्यक्तीला दाबून घट्ट केलेल्या तंतूंची एक लहान गोल चकती देण्यात आली. तीवर क्रमांक कोरलेला असे. पूर्वेकडील लोकांसाठी 'ई' व पश्चिमेकडील लोकांसाठी 'डब्ल्यू' हे अक्षर त्यापूर्वी. चकती गळ्यात वा मनगटावर बांधावयाची आणि कागदोपत्री तोच क्रमांक ओळख म्हणून चालावयाचा. ही पद्धत पुढे मोडीत काढण्यात आली तेव्हा 1968 ते 1971 या काळात 'प्रॉजेक्ट सरनेम' नावाची मोहीम निघाली आणि एब ओकपिक हे इनुइट गृहस्थ वस्तीवस्तीतून फिरून लोकांना आडनाव निवडावयास सांगू लागले. अनेकांनी वडिलांचे किंवा आजोबांचे नावच आडनाव म्हणून लिहून दिले. क्रमांक गेला, पण आडनाव हवेच ही अट कारकुनाचीच राहिली.

नावाने पैशाचाही निवाडा होतो. 1867 च्या कायद्याने 'इंडियन' लोकांची जबाबदारी कॅनडाच्या केंद्र सरकारवर टाकली होती. उत्तर क्वेबेकमधील इनुइटांच्या मदतकार्याचा खर्च कोणी सोसावयाचा यावरून प्रांत व केंद्र यांच्यात वाद झाला आणि 1939 मध्ये तेथील सर्वोच्च न्यायालयाने एस्किमो हे त्या कलमापुरते 'इंडियन' होत असा निर्णय दिला. 1951 च्या 'इंडियन ॲक्ट'ने पुन्हा त्यांना वगळले. ज्यांच्याविषयी हे सारे चालले होते त्यांच्यापैकी कोणी स्वतःला यांतील एकाही शब्दाने ओळखत नव्हते. 1982 च्या संविधानात्मक कायद्यात प्रथमच 'इंडियन, इनुइट आणि मेती' अशी वेगवेगळी नोंद झाली. (जाता जाता : या 'इंडियन ॲक्ट'चा 'भारतीय कायदा' असा अनुवाद मराठीत वाचल्याचे स्मरते. कोलंबसाची चूक आपण इतक्या निष्ठेने जपावी, हे नवलच.)

'इनुइट' म्हणजे 'माणसे'. एक माणूस 'इनुक', दोन माणसे 'इनूक', अनेक माणसे 'इनुइट'. संस्कृतातील द्विवचन मराठीने केव्हाच सोडले. या भाषेने ते जपले आहे. म्हणून 'एक इनुइट' किंवा 'इनुइट लोक' असे लिहिताना आपण अनुक्रमे वचनाची चूक व पुनरुक्ती करीत असतो. मीही वर 'इनुइट व्यक्ती', 'इनुइटांनी' असे लिहिलेच आहे. मराठीत रुळताना शब्दास मराठीचे प्रत्यय लागणारच, त्याला इलाज नाही. पण मूळ शब्दात वचन आहे याची जाण अनुवादकाला असावी. 1977 मध्ये अलास्कातील बॅरो येथे स्थापन झालेल्या ध्रुवप्रदेशीय परिषदेने 'इनुइट' हे नाव स्वीकारले व 1980 च्या सनदेत त्याच्या कक्षेत अलास्काचे इनुपिअत व युपिक, कॅनडाचे इनुइट व इनुविअलुइत, ग्रीनलंडचे कलाल्लित आणि रशियातील युपिक या सर्वांना घेतले. म्हणजे राजकीय व्यासपीठावर युपिक त्या छत्राखाली उभे राहतात. घरी मात्र ते युपिकच असतात. 'युक' म्हणजे माणूस आणि 'पिक' म्हणजे खरा. अलास्कात तर 'एस्किमो' हा शब्द दोन्ही समाजांना मिळून वापरला जात आला व कित्येक वृद्ध तो स्वतःविषयी सहज वापरीत. फेअरबँक्स येथे 1961 पासून भरणाऱ्या देशी खेळांच्या स्पर्धेच्या नावातही 'एस्किमो' व 'इंडियन' हे दोन्ही शब्द आले. अमेरिकेने 2016 मध्ये काही संघीय कायद्यांच्या मजकुरातून 'एस्किमो' हा शब्द काढला. आपला नकाशावरील 'बॅरो'ही त्याच वर्षी गावकऱ्यांच्या मतदानाने 'उत्कियाग्विक' झाला.

इतरत्रही हाच गुंता दिसतो. उत्तर युरोपातील 'लॅप' जाऊन 'सामी' आले, 'हॉटेंटॉट' जाऊन 'खोईखोई'. ही उदाहरणे तुलनेने सरळ आहेत. दक्षिण आफ्रिकेतील 'बुशमन' या नावाची गोष्ट निराळी. त्याऐवजी सुचविलेले 'सान' हे नाव शेजारच्या गुराखी खोईखोईंनी दिलेले, गुरेढोरे नसलेल्यांना हिणविणारे. तरीही काही गट ते पत्करतात, काही 'बुशमन' हेच बरे म्हणतात आणि आपापल्या गटाचे नाव बहुतेकांना अधिक प्रिय असते. दोन स्तंभांची यादी येथे पार कोसळते.

या साऱ्यांना मिळून इंग्रजीत जो 'इंडिजिनस' शब्द योजतात तो मराठीत कसा आणावयाचा? माझ्या मते आपल्या विभागांपुढील खरी अडचण ही आहे. 'आदिम' म्हटले की मागासपणाचा वास येतो. केंद्र सरकारनेही 2006 मध्ये 'प्रिमिटिव्ह' हे विशेषण सोडून दिले. महाराष्ट्रातील कातकरी, कोलाम व माडिया गोंड यांना तोवर तेच चिकटलेले होते. 'मूलनिवासी' या शब्दास महाराष्ट्रात एका विशिष्ट राजकीय चळवळीचा अर्थ आहे. 'देशज' म्हणताच व्याकरणातले तद्भव-तत्सम आठवतात. उरतो 'आदिवासी'. हा शब्द विसाव्या शतकात घडला, पण 1938 च्या आदिवासी महासभेपासून त्या समाजांनी तो आपला केला. संविधानसभेत 'वनजाती'सारख्या शब्दास हरकत घेऊन जयपाल सिंह यांनी याच नावाचा आग्रह धरला होता. त्याच सुमारास मुंबई विद्यापीठात गो. स. घुर्ये या समाजांना 'मागास हिंदू' म्हणावे असे प्रतिपादन करीत होते. विद्वत्ता घुर्यांकडे अधिक होती यात शंका नाही. पण टिकले ते जयपाल सिंहांचे नाव. इनुइटांना 'कॅनडातील आदिवासी' म्हणण्यास म्हणूनच मला संकोच वाटत नाही. मात्र तो वर्गवाचक शब्द झाला. कथेचा अनुवाद करताना कथा कोणाची, त्या गटाचे नाव द्यावयास हवे.

ललित वाङ्मयात आणखी एक पथ्य आहे. मितिआर्जुक नाप्पालुक या इनुइट लेखिकेची 'सानाक' ही कादंबरी मिशनऱ्यांना भाषा शिकविण्यासाठी लिहिलेल्या वाक्यांतून 1950 च्या दशकात आकारास येऊ लागली व 1984 मध्ये त्या भाषेच्या अक्षरलिपीत प्रसिद्ध झाली. अशा कृतीत स्वनाम आपोआप येते. अनुवादकाला ते फक्त सांभाळावयाचे असते. परंतु एखाद्या जुन्या प्रवासवर्णनात गोरा अधिकारी 'एस्किमो' म्हणत असेल, तर ते तसेच ठेवले पाहिजे. त्याच्या तोंडी 'इनुइट' घालणे म्हणजे त्याला फुकटची सभ्यता बहाल करणे होय.

त्या विद्यार्थिनीला मी बोलावून घेतले आणि माझे तांबडे शेरे मीच निळ्या शाईने खोडले. तिने संकलनाची प्रस्तावना पुन्हा वाचून कथा कोणत्या वस्त्यांतून आल्या त्याची नोंद केली व सर्वत्र 'युपिक' असे लिहिले. एका कथेच्या आरंभी सांगणारी वृद्धा इंग्रजीत स्वतःला 'आम्ही एस्किमो' म्हणते. तेथे काय करावयाचे, असे तिने विचारले. बाई म्हणतात ना तसे, मग ठेव, असे मी म्हटले. मौखिक परीक्षेत बहिःस्थ परीक्षकांनी नेमके त्याच ओळीवर बोट ठेवले आणि असा शब्द प्रबंधात कसा राहिला, असे मार्गदर्शकाकडे पाहून विचारले.